चौसष्ट हातांचे नाट्यगृह आणि डोळ्यांवरचा चष्मा

(एका माध्यमिक विद्यालयाच्या शिक्षक-पालक सभेत ‘अभिजात नाटक आणि नवे तंत्रज्ञान’ या विषयावर दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन.)



आजच्या विषयाला एक व्यावहारिक निमित्त आहे. आपल्या शाळेपुढे ‘आभासी वास्तवा’चे, म्हणजे ज्याला सर्वत्र व्हर्च्युअल रिॲलिटी म्हणतात त्याचे, चष्मे खरेदी करण्याचा प्रस्ताव आला आहे. विक्रेत्याचे म्हणणे असे की, हा चष्मा डोळ्यांवर चढवला की विद्यार्थी थेट कण्वमुनींच्या आश्रमात पोहोचेल, हरिणे त्याच्या आजूबाजूला बागडतील आणि शकुंतला घडा घेऊन त्याच्यासमोरून झाडांना पाणी घालत जाईल. काही पालकांना ही कल्पना मनापासून आवडली. काहींना ती पैशाची उधळपट्टी वाटली. मी संस्कृतचा शिक्षक असल्याने दोन्ही बाजूंनी मला गाठले आणि आपापल्या मताला दुजोरा मागितला. मी तो कोणालाच दिला नाही. सभेत काय ते बोलेन, असे सांगितले.

प्रश्न केवळ चष्म्यांचा असता तर तो हिशेबनीसांवर सोपवता आला असता. परंतु त्याच्यामागे एक जुने दुखणे आहे. आपली मुले दहावीला संस्कृत घेतात ती बहुतांशी गुणांसाठी. नाटकाचा उतारा समोर येतो. त्यातील संधी सोडवले जातात, समासांचा विग्रह होतो, विभक्ती ओळखल्या जातात, उत्तरपत्रिका उत्तम लिहिली जाते. या सगळ्यात नाटक मात्र होत नाही. ज्याला कालिदासाने दृश्य म्हणून लिहिले, ते आपण केवळ वाच्य म्हणून शिकवतो, आणि निकाल लागल्यावर जूनमध्ये मुलगा ते विसरून जातो. असे असताना कोणी तंत्रज्ञान घेऊन दाराशी आला, तर त्याला उंबऱ्यावरूनच परत पाठवण्याचा अधिकार आपल्याला आहे का? मला वाटते, नाही. आधी जगात या बाबतीत काय झाले आहे ते पाहू.

सर्वाधिक गाजलेला प्रयोग इंग्लंडमधला. २०१६ हे शेक्सपियरच्या निधनाचे चारशेवे वर्ष. त्या वर्षाच्या अखेरीस त्याच्या जन्मगावी, स्ट्रॅटफर्ड-अपॉन-एव्हन येथे, रॉयल शेक्सपियर कंपनीने ‘द टेम्पेस्ट’ हे नाटक सादर केले. दिग्दर्शक होते ग्रेगरी डोरान. इंटेल ही संगणक-क्षेत्रातील कंपनी आणि इमॅजिनेरियम हा स्टुडिओ त्यांच्या सोबतीला होता. नाटकाचे कथानक आपल्यापैकी अनेकांना ठाऊक असेल. भावाने राज्यावरून हुसकावलेला प्रॉस्पेरो कन्येसह एका बेटावर राहतो आहे. त्याला मंत्रविद्या अवगत आहे आणि एरियल नावाचा वायुरूप सेवक त्याच्या आज्ञेत आहे. आता हा वायुरूप जीव रंगमंचावर दाखवायचा कसा? चारशे वर्षे नटांनी तो आपापल्या परीने दाखवला. येथे मार्क क्वार्टली या नटाने अंगाला घट्ट बसणारा, संवेदक बसवलेला पोशाख घातला. तो हात उचले, वळे, झेपावे, आणि त्याच क्षणी त्याच्या हालचालींबरहुकूम संगणकाने घडवलेली एक आकृती रंगमंचावर प्रकाशातून उमटे, उडे, रूप पालटे. या तंत्राला मोशन कॅप्चर म्हणतात. चित्रपटांत ते पूर्वीपासून होते. परंतु चित्रपटात महिनोन्‌महिने संगणकावर बसून आकृती घोटता येते. येथे नट आणि आकृती एकाच वेळी, हजारभर लोकांच्या देखत. (त्या आकृतीला इंग्रजीत ‘अवतार’ असेच म्हणतात. शब्द आपला, धंदा त्यांचा! असो.)

या प्रयोगावर आक्षेप आला की, शेक्सपियरला अशा चमत्कारांची गरज काय? डोरान यांचे उत्तर मननीय आहे. शेक्सपियरने हे नाटक लिहिले तेव्हा इंग्लंडच्या राजदरबारात ‘मास्क’ नावाचे वैभवी खेळ होत. इनिगो जोन्स हा कल्पक रचनाकार त्यांत हलते देखावे आणि अवतरणाऱ्या देवता यांत्रिक युक्त्यांनी दाखवी. ‘टेम्पेस्ट’मध्ये अशा एका मास्कचा प्रसंगच आहे, आणि मेजवानीची ताटे एका युक्तीने अदृश्य होतात अशी रंगसूचनाही आहे. म्हणजे नाटककाराने आपल्या काळातील नवे यंत्र टाळले नव्हते, ते त्याने नाटकात ओवून घेतले होते.

हे मला पटते; पण अर्धेच. त्या नाटकात एक जागा अशी आहे की, प्रॉस्पेरोचे शत्रू त्याच्या तावडीत सापडले आहेत, आणि हा देहहीन एरियल त्याला सांगतो की, त्यांची अवस्था पाहून, मी माणूस असतो तर माझे मन द्रवले असते. सेवकाच्या तोंडचे हे वाक्य ऐकून सूड घ्यायला निघालेला स्वामी थांबतो. त्या जागी कितीही प्रोजेक्टर लावा, काम करतो तो नटाचा आवाज आणि समोरच्या नटाचा चेहरा. त्या प्रयोगाविषयी लिहिणाऱ्या अनेकांना प्रॉस्पेरो झालेले सायमन रसेल बील हेच अधिक लक्षात राहिले, यात मला नवल वाटत नाही.

पुढे २०१९ मध्ये अमेरिकेत बोस्टनच्या कॉमनवेल्थ शेक्सपियर कंपनीने गूगलच्या साहाय्याने ‘हॅम्लेट’चे चहूबाजूंनी पाहता येईल असे चित्रण केले. चष्मा लावला की प्रेक्षक त्या राजवाड्याच्या दालनात उभा, आणि उभा तोही कोण म्हणून? तर हॅम्लेटच्या मृत पित्याचे भूत म्हणून! कल्पना निःसंशय चतुर आहे. परंतु पूर्ण संहिता खेळायला सुमारे चार तास लागतात ते नाटक येथे तासाभरात आटोपले. आगरकरांनी याच नाटकाचा ‘विकारविलसित’ हा मराठी अवतार सिद्ध करताना १८८२ साली डोंगरीच्या तुरुंगात बसून त्यावर काम केले होते. तेथे ना रंगमंच, ना प्रेक्षक, ना चष्मा. होते ते शब्द. तासाभराचा हॅम्लेट पाहणाऱ्याच्या वाट्याला यांतले शब्दच कमी येतात. २०२१ च्या मार्चमध्ये, महामारीमुळे नाट्यगृहे बंद असताना, रॉयल शेक्सपियर कंपनीने ‘ड्रीम’ नावाचा खेळ थेट इंटरनेटवरून केला. पोर्ट्‌समथ शहरात नट संवेदकांचे पोशाख घालून वावरत आणि घरोघरच्या पडद्यांवर अरण्य उभे राही. प्रेक्षकाला पडद्यावर बोट फिरवून त्या अरण्यात काजवे सोडता येत. दिसायला मोहक. शेक्सपियरचे काव्य मात्र त्यात चवीपुरतेच. दारे बंद असताना नटांनी काहीतरी खटपट केली, याबद्दल त्यांचे कौतुकच केले पाहिजे. पण शिकवण्यासाठी आपल्याला त्यातून फारसे मिळणार नाही.

आपल्याला मिळेल ते दुसरीकडून, आणि ते फारसे गाजलेले नाही.

नव्वदच्या दशकाच्या अखेरीस इंग्लंडमधील वॉरिक विद्यापीठातील प्राध्यापक रिचर्ड बीचम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘थिएट्रॉन’ नावाचा प्रकल्प हाती घेतला. नामशेष झालेल्या किंवा भग्न झालेल्या नाट्यगृहांच्या त्रिमित प्रतिकृती संगणकावर उभारायच्या आणि विद्यार्थ्याला त्यांत फिरू द्यायचे. रोममध्ये इसवी सनापूर्वी ५५ साली पाँपेने दगडी नाट्यगृह बांधले. आज ते घरांच्या खाली गाडले गेले आहे. काही इमारतींच्या भिंती मात्र अजून त्याच अर्धवर्तुळाच्या वळणाने जातात. अशी वास्तू विद्यार्थ्याला दाखवायची कशी? फोटो काढायला ती शिल्लकच नाही. येथे संगणक खऱ्या अर्थाने उपयोगी पडतो. पुढे लंडनच्या किंग्ज कॉलेजात हे काम वाढले आणि ‘सेकंड लाइफ’ या आभासी जगात अशा रंगमंचांवर विद्यार्थी आपल्या ‘अवतारा’करवी प्रवेशही करू शकले.

तुम्ही म्हणाल, वास्तू पाहून नाटक कसे कळेल? कळते. किंबहुना वास्तू पाहिल्यावाचून नाटकातल्या काही गोष्टी कळतच नाहीत. ग्रीसमधील एपिडॉरसचे प्रेक्षागार घ्या. इसवी सनापूर्वीच्या चौथ्या शतकातले ते खुले प्रेक्षागार डोंगराच्या उतारावर कोरून बसवल्यासारखे आहे. ५५ ओळी, बारा-चौदा हजारांची सोय, आणि शेवटच्या ओळीतला माणूस खालच्या वर्तुळाच्या मध्यापासून सुमारे ६० मीटर दूर. एवढ्या अंतरावरून नटाची भुवई उचलली की नाही, कोणाला दिसणार? म्हणून ग्रीक नटाने मुखवटा घातला; म्हणून त्याच्या हालचाली मोठ्या, म्हणून समूहगान, म्हणून दूताने येऊन केलेली लांबलचक कथने. पुस्तकात हे सारे वेगवेगळे मुद्दे म्हणून पाठ करावे लागतात. शेवटच्या ओळीत एकदा ‘बसले’ की ते एकाच कारणाचे परिणाम आहेत हे आपोआप लक्षात येते.

आता भरतमुनींच्या नाट्यशास्त्राकडे या. त्यातील दुसरा अध्याय संपूर्णपणे नाट्यगृहाच्या बांधणीला वाहिलेला आहे. विकृष्ट म्हणजे आयताकार, चतुरस्र म्हणजे चौकोनी आणि त्र्यस्र म्हणजे त्रिकोणी असे तीन आकार. ज्येष्ठ, मध्यम, कनिष्ठ अशी तीन मापे. माणसांसाठी त्यांनी जे योग्य ठरवले ते विकृष्ट मध्यम: लांबी ६४ हात, रुंदी ३२ हात. हात म्हणजे चोवीस अंगुळे, साधारण दीड फूट. म्हणजे ९६ फूट लांब आणि ४८ फूट रुंद. त्यातला अर्धा भाग प्रेक्षकांचा, अर्धा रंगकर्मींचा. रंगकर्मींच्या अर्ध्यातही मागचा अर्धा नेपथ्याचा. यापेक्षा मोठे बांधू नये, असे भरतमुनी बजावतात, आणि कारणही देतात: मोठ्या वास्तूत उच्चारलेले शब्द विस्कळीत होतात आणि मुखावरचे भाव स्पष्ट दिसत नाहीत. नाट्यगृह पर्वताच्या गुहेसारखे असावे, गवाक्षे लहान असावीत, वारा खेळू नये, म्हणजे स्वर गंभीर राहतो, असेही ते सांगतात.

मांडा आता हिशेब. प्रेक्षकांचा भाग ४८ फूट खोल. शेवटचा प्रेक्षक रंगपीठापासून पंधरा मीटरांच्या आतच. एपिडॉरसमध्ये साठ, येथे पंधरा. याच शास्त्रात पुढे डोळ्यांच्या छत्तीस दृष्टी सांगितल्या आहेत, बुबुळे, पापण्या, भुवया, नाक, गाल, ओठ यांच्या हालचाली एकेक करून वर्णिल्या आहेत. आमचे विद्यार्थी ती यादी पाहून हसतात. एवढा सूक्ष्म काथ्याकूट कशाला, म्हणतात. अहो, ज्याने प्रेक्षकाला पंधरा मीटरांत बसवले त्यालाच डोळ्यांची यादी करणे परवडते! दुसरा अध्याय आणि डोळ्यांचा अध्याय हे एकमेकांना धरून आहेत. केरळमध्ये कूडियाट्टम ही संस्कृत नाटकाची परंपरा आजही जिवंत आहे, २००१ मध्ये युनेस्कोने तिचा गौरव केला; तेथे नट समोर तेवणाऱ्या मोठ्या समईच्या उजेडात कितीतरी वेळ केवळ डोळ्यांनी कथा सांगतो. त्रिचूरच्या वडक्कुन्नाथन मंदिरातील कूत्तंबलम पाहिले म्हणजे हे जवळिकीचे गणित कसे जपले गेले याची कल्पना येते.

म्हणून माझे पहिले मत असे: कण्वाश्रमाचे रंगीत अरण्य दाखवणारा चष्मा आपल्याला नको. चौसष्ट हातांच्या नाट्यमंडपात विद्यार्थ्याला बसवणारी, मग एपिडॉरसच्या शेवटच्या ओळीत बसवणारी प्रतिकृती कोणी देणार असेल, तर तिच्यावर विचार करू.

परंतु येथे सावधपणा हवा, आणि तो आपल्याच लोकांच्या बाबतीत अधिक हवा. भरताच्या वर्णनाप्रमाणे बांधलेले एकही प्राचीन नाट्यगृह आज आपल्यापुढे उभे नाही. केरळची कूत्तंबलमे पुष्कळ नंतरची, आणि त्यांची मापे हुबेहूब भरताची नाहीत. मत्तवारणी म्हणजे नेमके काय, ती रंगपीठाच्या एका बाजूला की दोन्ही बाजूंना, ओसरी की कठडा की हत्तींच्या आकृतींची पट्टी, यावर विद्वानांची पिढ्यान्‌पिढ्या चर्चा झाली आहे. नाट्यमंडप ‘द्विभूमी’ असावा म्हणजे दुमजली असावा, की जमिनीच्या दोन पातळ्या असाव्यात, यावरही एकमत नाही. गोवर्धन पांचाळ यांच्यासारख्या अभ्यासकांनी या वास्तूच्या रचनेवर आयुष्य वेचले. पुस्तकात लिहिताना ‘याविषयी मतभेद आहेत’ असे म्हणून पुढे जाता येते. संगणकाला मात्र तसे चालत नाही. त्याला खांब कुठे उभा करायचा ते सांगावेच लागते. आणि एकदा खांब रंगवून, त्यावर उजेड-सावली टाकून उभा केला की पाहणाऱ्याला तो पुराव्यासारखा वाटू लागतो. मुलगा घरी जाऊन सांगतो, ‘मी पाहिले ना, मत्तवारणी अशीच असते!’

बीचम यांच्या मंडळींना हा धोका दिसला होता. २००६ मध्ये त्यांच्या पुढाकाराने ‘लंडन चार्टर’ नावाची एक संहिता तयार झाली. वारशाच्या अशा संगणकीय प्रतिकृती करणाऱ्याने कोणता भाग पुराव्यावर आधारलेला आहे आणि कोणता तर्काने भरला आहे, याची नोंद ठेवली पाहिजे आणि ती पाहणाऱ्याला उपलब्ध करून दिली पाहिजे, असा तिचा आशय आहे. आपल्याकडे विकल्या जाणाऱ्या कोणत्याही ‘प्राचीन भारत’ दाखवणाऱ्या सामग्रीला आपण हाच प्रश्न विचारला पाहिजे. उत्तर मिळाले नाही तर ती सामग्री देखणी असो वा स्वस्त असो, वर्गात आणू नये. आपल्या वारशाविषयी ज्याला खरे प्रेम आहे, त्याने तर्काला पुरावा म्हणून मिरवू देऊ नये. आणि भरतमुनींना हे चष्मे आधीच ठाऊक होते, असे कोणी व्यासपीठावरून सांगू लागला, तर कृपया टाळ्या वाजवू नका. त्यांना जे ठाऊक होते ते याहून कठीण होते.

ते काय, हे सांगण्यासाठी पुन्हा शाकुंतलाकडे वळतो. नाटकाच्या आरंभी दुष्यंत रथातून हरिणाचा पाठलाग करतो आहे. कालिदासाच्या रंगमंचावर रथ नव्हता, घोडे नव्हते, हरीणही नव्हते. रथाचा वेग अभिनयाने दाखवायचा, अशी सूचना आहे. शकुंतला झाडांना पाणी घालते तेही अभिनयानेच. सातव्या अंकात तर राजा आणि मातली स्वर्गातून रथाने खाली उतरताहेत, आणि पृथ्वी वर वर येताना कशी दिसते याचे वर्णन राजा करतो. याला नाट्यशास्त्रात नाट्यधर्मी म्हणतात. लोकव्यवहारात जसे आहे तसे दाखवणे ही लोकधर्मी. संकेताने सुचवणे ही नाट्यधर्मी. रंगमंचावर चार पावले चालून गेले की स्थळ बदलले, हा कक्ष्याविभागाचा संकेतही त्यातलाच.

संगणकाला सर्वांत मोठा मोह नेमका येथे होतो. रथ? हा घ्या रथ, चाकांखालची धूळही घ्या! आकाशातून पृथ्वी? ती तर आता कोणीही दाखवील. परंतु सगळेच दाखवले की प्रेक्षकाने करायचे काय उरते? वर्णन करणारा राजा तर निव्वळ बडबड्या ठरतो, कारण जे दिसतेच आहे ते तो कशाला सांगतो आहे? ‘टेम्पेस्ट’मधला एरियल देहहीन आहे, त्याला प्रकाशाचे शरीर देणे संहितेशी जुळते. दुष्यंताचा रथ नटाच्या देहात आहे. तो देहाबाहेर काढला की नट बेकार होतो. हा विवेक तंत्रज्ञ करणार नाही, तो संस्कृतच्या आणि नाटकाच्या शिक्षकाने करायचा आहे.

मागे एकदा मी नववीच्या वर्गात दोन मुलांना हा रथाचा प्रवेश करायला लावला. सारथी झालेला मुलगा अंमळ स्थूल, राजा किडकिडीत. पहिल्यांदा सगळा वर्ग खिदळला. मग सारथ्याने गुडघे किंचित वाकवून लगाम खेचण्याचा अभिनय केला, राजा मागे झुकला आणि दोघे एकाच वेळी उजवीकडे कलले. वर्ग गप्प झाला. रथ वळला होता. पुढच्या बाकावरच्या एका मुलीने विचारले, ‘सर, त्यांनी ठरवून केलं का?’ ठरवून नव्हते केले. दोघांच्या देहांना ते सुचले होते. त्या प्रवेशातल्या विभक्ती त्या वर्गाला नंतर वेगळ्या शिकवाव्या लागल्या नाहीत.

आणखी एक मुद्दा प्रेक्षकाचा. तो मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. नाट्यशास्त्राच्या सत्ताविसाव्या अध्यायात प्रयोग सिद्धीस गेला हे कशावरून ओळखावे, याचे विवेचन आहे. आणि ती सिद्धी भरतमुनी प्रेक्षागृहात शोधतात. प्रेक्षक मंद हसले का, मोठ्याने हसले का, ‘साधु’ म्हणाले का, हळहळले का, अंगावर रोमांच आले का, आसनावरून उठले का, भारावून अंगावरची वस्त्रे आणि अंगठ्या नटाला दिल्या का, ही झाली मानुषी सिद्धी. त्याहून वरची दैविकी: गृह भरलेले आहे, आणि कसलाही शब्द नाही, क्षोभ नाही. विरोधक प्रयोग कसा उधळतात हेही त्यांनी सांगून ठेवले आहे. शेण, ढेकळे आणि मुंग्या फेकणे हे त्यातलेच प्रकार. ज्याने मुंग्यांचाही विचार केला, त्याने प्रेक्षागृह किती जवळून पाहिले असेल! पुढे काश्मीरच्या अभिनवगुप्तांनी हेच सूक्ष्म करून सांगितले की, सर्व सामाजिकांचे चित्त एकवटले की रसाचा परिपोष अधिक होतो.

चष्मा लावलेला मुलगा शेजारच्याला पाहत नाही. त्याला हसू आले तर ते त्याचे एकट्याचे. नटाला ते कळत नाही, कारण नट तेथे नाही. वर्गात चाळीस मुले चाळीस चष्मे लावून बसली तर चाळीस प्रेक्षक होतात, प्रेक्षागृह होत नाही. ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘संगीत शाकुंतल’ रंगमंचावर आणले, तेव्हा ज्यांना संस्कृतचा गंधही नव्हता अशा माणसांपर्यंत कालिदास पोहोचला तो एकत्र बसलेल्या श्रोत्यांमधून, एकाने दिलेली दाद दुसऱ्याच्या कानावर पडत. ही गोष्ट मी नव्या साधनांचा तिरस्कार म्हणून सांगत नाही. चष्मा वास्तू दाखवू शकतो, अंतर दाखवू शकतो. रस देऊ शकत नाही, एवढेच माझे म्हणणे.

यावर कोणी विचारील की, मुलांना प्रत्यक्ष अभिनय करायला लावणारे काही तंत्रज्ञान आहे का? आहे. अमेरिकेत कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील संस्थेत, इंग्रजीच्या प्राध्यापक जीना ब्लूम यांच्या मार्गदर्शनाखाली ‘प्ले द नेव्ह’ नावाचा खेळ तयार झाला. विद्यार्थी शेक्सपियरचा एखादा प्रवेश निवडतो, रंगमंच निवडतो, पडद्यावरील पात्र निवडतो. मग संवाद पडद्यावर ओळीओळीने सरकत येतात. तो ते मोठ्याने म्हणतो आणि हातवारे करतो, आणि पडद्यावरचे पात्र तसेच हालते. चष्मा नाही, शेजारची मुले पाहत असतात, हसत असतात, पुढच्या खेपेला आपण होऊन उभी राहतात. या खेळाचा कल मला योग्य वाटतो, कारण यंत्र येथे मुलाला गप्प बसवत नाही, बोलते करते.

त्याच खेळातून व्यवहाराचा एक धडाही घ्यावा. हालचाली टिपण्यासाठी त्यात मायक्रोसॉफ्टचा किनेक्ट हा कॅमेरा वापरला होता. तो २०१० मध्ये बाजारात आला आणि २०१७ मध्ये त्याचे उत्पादन थांबले. शाळांना चष्म्यातून जगभर हिंडवून आणणारे गूगलचे ‘एक्स्पिडिशन्स’ २०२१ मध्ये बंद झाले. शाळेने कर्ज काढून किंवा पालकांकडून वर्गणी गोळा करून आणलेली वस्तू पाच-सात वर्षांत कपाटात जाणार असेल, तर खरेदीपूर्वी ते गृहीत धरले पाहिजे. आपल्या कपाटांत तसेही पुष्कळ काही आहे. फिल्मस्ट्रिपचा प्रोजेक्टर अजून निघत असेल.

माझी सूचना साधी आहे. आपल्या मैदानावर बास्केटबॉलचे जे अंगण आखलेले आहे, ते २८ मीटर लांब आणि १५ मीटर रुंद आहे. भरतमुनींचा विकृष्ट मध्यम मंडप होतो सुमारे २९ मीटर बाय साडेचौदा. म्हणजे चौसष्ट हातांचे नाट्यगृह आपल्या शाळेत जवळजवळ आखून तयारच आहे! मधोमध फक्कीची एक रेघ मारायची, अलीकडे प्रेक्षक, पलीकडे रंगभूमी. रंगभूमीच्या मागच्या अर्ध्यावर एक साधा पडदा, तो नेपथ्याचा. मत्तवारणीची जागा ठिपक्यांच्या रेघेने दाखवा, म्हणजे हा भाग तर्काचा आहे हे मुलांना कळेल. तेथे शाकुंतलाचा एक प्रवेश करवून घ्या. मग कोणाचाही साधा मोबाइल घेऊन तोच प्रवेश तीन ठिकाणांहून चित्रित करा: रंगपीठाच्या काठावरून, प्रेक्षकांच्या शेवटच्या ओळीतून, आणि मैदानाच्या पार टोकाच्या कुंपणाजवळून, जे साठ मीटरांवर आहे. तिन्ही चित्रणे वर्गातल्या पडद्यावर शेजारी शेजारी लावा आणि विचारा, शकुंतला लाजली ते कोणत्या चित्रणात दिसले? मुखवटा कोणाला लागेल? एवढ्याने डोळ्यांच्या छत्तीस दृष्टींची यादी पुन्हा कोणी हसण्यावारी नेणार नाही.

हे एक सत्र झाले, मुलांना त्यात गोडी वाटली, आणि त्यांच्यातूनच ‘सर, हे संगणकावर उभारता येईल का’ असा प्रश्न आला, तर संगणकाच्या शिक्षकांनी त्यांना जरूर साहाय्य करावे. त्रिमित आराखडे करण्याची विनामूल्य साधने आज उपलब्ध आहेत. मुलांनी स्वतः खांब कुठे उभा करायचा यावर वाद घालावा, नाट्यशास्त्राचे भाषांतर उघडावे, आणि जेथे उत्तर सापडत नाही तो भाग प्रतिकृतीत वेगळ्या रंगाने रंगवावा. त्यानंतर दोन-चार चष्मे घ्यावेसे वाटले तर घ्या. तेव्हा आपल्याला त्यांत काय पाहायचे आहे हे ठाऊक असेल. राज्य संस्कृत नाट्यस्पर्धेचे प्रयोग आपल्या जवळपास होतील तेव्हा मुलांना घेऊन जाण्याची जबाबदारी मी उचलतो. प्रवासखर्चाचे तेवढे पालक संघाने पाहावे.

चष्म्यांच्या प्रस्तावावर मतदान या बैठकीत घेऊ नये, पुढच्या बैठकीपर्यंत थांबावे, अशी माझी अध्यक्षांना विनंती आहे. तोपर्यंत येत्या शनिवारी दुपारी शाळा सुटल्यावर मैदान आखायचे आहे. फक्की शाळेत आहे. क्रीडाशिक्षकांनी मोजपट्टी देण्याचे कबूल केले आहे. परंतु मापे दोरीनेच घ्यावीत अशी माझी इच्छा आहे, कारण भरतमुनींनी त्या दोरीवरही लिहिले आहे. ती कापसाची, लोकरीची, मुंज गवताची किंवा सालीची असावी, आणि मोजताना तुटू नये म्हणून फार जपावे. मधोमध तुटली तर यजमानाच्या जिवावर बेतते, आणि चतुर्थांशावर तुटली तर नाट्याचार्याचा नाश होतो, असे ते म्हणतात. यजमान म्हणजे आपले व्यवस्थापन आणि आचार्य बहुधा मी. तेव्हा ज्या पालकांच्या घरी चांगली मजबूत दोरी असेल त्यांनी ती शनिवारी सोबत आणावी.